हसण्यावारी नेलेलं आईपण

"पीएचडी कशात करतेस?" हा प्रश्न लग्नकार्यात हमखास येतो. "अमेरिकेचा इतिहास" म्हटलं की समोरची व्यक्ती आदराने मान हलवते. "म्हणजे नक्की काय?" असं पुढे विचारलंच, तर सांगावं लागतं: "१९५०-६०च्या काळात तिकडच्या आयांनी मुलांच्या धुमाकुळावर जे विनोदी लेखन केलं, ते." मग आदर संपतो आणि हसू सुरू होतं.

मध्यंतरी एका पंगतीत असंच झालं. शेजारच्या पानावर बसलेल्या मावशी म्हणाल्या, "अगं, त्यासाठी अमेरिका कशाला? मला विचार की!" आणि त्यांनी आपला किस्सा सांगितला. दोन लहान मुलं, बँकेतली नोकरी, सकाळची धांदल. एका हाताने डबे भरायचे, दुसऱ्या हाताने धाकट्याच्या पायात बूट कोंबायचे. कशीबशी लोकल गाठली. बँकेत काउंटरवर बसल्यावर चष्म्यासाठी पर्समध्ये हात घातला, तर बाहेर आला टीव्हीचा रिमोट! चष्मा राहिला घरी, टीव्हीवर. "आणि संध्याकाळी घरी येऊन बघते तर सगळ्या गाद्या-उशा उलट्यापालट्या. हे सुट्टीवर होते ना त्या दिवशी. दिवसभर रिमोट शोधत होते!"

अख्खी पंगत हसली. मीही हसले. हा किस्सा जरा लक्षात ठेवा, शेवटी त्याच्याकडे परत यायचं आहे.

आज सांगायचंय ते असं: अशा विनोदांकडे इतिहासाचा पुरावा म्हणून कसं बघायचं? सरकारी कागदपत्रं, पत्रव्यवहार, जनगणना हा पुरावा, हे आपल्याला पटतं. पण विनोद? त्यात तर अतिशयोक्ती असते, मीठमसाला असतो. माझं म्हणणं एवढंच आहे की विनोदाचा शेवट फुगवलेला असतो, पण त्याची मांडणी खरी असावी लागते. ऐकणाऱ्याला "हो, हे असंच असतं" असं न सांगता कळलं नाही, तर तो हसणारच नाही. म्हणून मी विनोद वाचताना शेवटाआधी थांबते आणि बघते, की इथे काय गृहीत धरलंय?

१९४८चा उन्हाळा

शर्ली जॅक्सन हे नाव तुम्ही भयकथांच्या संदर्भात ऐकलं असेल. २६ जून १९४८च्या 'न्यूयॉर्कर'मध्ये त्यांची 'द लॉटरी' ही कथा आली. एका साध्यासुध्या गावात दरवर्षी चिठ्ठ्या काढतात आणि जिच्या किंवा ज्याच्या नावाची खूण केलेली चिठ्ठी निघेल, त्या माणसाला सगळे मिळून दगडांनी ठेचून मारतात. वाचक हादरले. त्या उन्हाळ्यात आपल्याला तीनशेवर पत्रं आली आणि त्यातली बरं बोलणारी जेमतेम तेरा होती, असं जॅक्सनबाईंनी पुढे एका व्याख्यानात सांगितलं. कथा सुचली कशी, तर मुलीला बाबागाडीत घालून, वर किराणा लादून चढ चढताना. घरी येऊन भाजी फ्रीजमध्ये ठेवली, मुलीला लाकडी कठड्यात बसवलं आणि लिहायला घेतलं, अशी त्यांनी सांगितलेली हकीकत.

आता गंमत बघा. त्याच वर्षीच्या जुलैच्या 'मादम्वाझेल' मासिकात त्यांची दुसरी कथा आली, 'चार्ल्स'. ही चक्क विनोदी. लॉरी नावाचा मुलगा बालवाडीत जायला लागतो. रोज घरी येऊन वर्गातल्या चार्ल्स नावाच्या द्वाड मुलाचे पराक्रम सांगतो. आज चार्ल्सने बाईंना मारलं, आज चार्ल्स किंचाळला, आज चार्ल्सला कोपऱ्यात उभं केलं. घरात 'चार्ल्स' हा शब्दच रूढ होतो. बाळ दुपारभर रडलं, तर ते 'चार्ल्स' झालं. बाबांचा हात फोनच्या वायरीत अडकून टेबलावरचं सगळं खाली आलं, तर बाबांनी 'चार्ल्स' केलं. शेवटी आई पालकसभेला जाते ती एकाच उत्सुकतेने: या चार्ल्सची आई दिसते तरी कशी? तिथे बाई सांगतात की लॉरीला सुरुवातीला जरा जड गेलं, आता बरा आहे. आई हसत म्हणते, त्या चार्ल्सचा परिणाम असेल. बाई गोंधळतात. चार्ल्स नावाचा मुलगा वर्गात नाहीच.

पंच्याहत्तर वर्षांहून जुनी कथा आहे, शेवट फोडल्याबद्दल राग नसावा. पण शेवटाआधी थांबून बघा. आई सभेत चार्ल्सला शोधत नाही, चार्ल्सच्या आईला शोधते. प्रत्येक बाईच्या चेहऱ्याकडे बघत ती अंदाज बांधते, की ही असेल का? मूल वाईट निघालं तर आईच्या तोंडावर दिसत असणार, हे तिला आणि वाचकांनाही मान्यच आहे. तेवढं गृहीत असल्याशिवाय शेवटचा फटका बसतच नाही.

आणि हे गृहीत हवेतून आलेलं नव्हतं. फिलिप वायली यांनी १९४२च्या पुस्तकात देशाच्या अधोगतीचं खापर आयांवर फोडून त्याला 'मॉमिझम' असं नावही दिलं होतं. १९४७ साली पत्रकार फर्डिनांड लुंडबर्ग आणि मनोविकारतज्ज्ञ मारिनिया फार्नम यांनी जाडजूड ग्रंथ लिहून बिघडलेल्या आयाच बिघडलेली पिढी घडवतात, असा निष्कर्ष काढला. डॉ. स्पॉक यांचं बालसंगोपनाचं पुस्तक १९४६चं. स्वतःवर विश्वास ठेवा, असं ते आयांना सांगत होतं, पण त्यासाठीही शेकडो पानं लागत होती. थोडक्यात, आईने काहीही केलं तरी ती आरोपीच. 'चार्ल्स'मधली आई दुसऱ्या आईवर खटला चालवायला जाते आणि स्वतःच पिंजऱ्यात उभी राहते. मासिकाच्या वाचकांनी हे हसून वाचलं, कारण ती भीती प्रत्येकीच्या ओळखीची होती.

आता परत 'द लॉटरी'कडे. तिथे जिचा बळी जातो ती टेसी हचिन्सन ही मुलाबाळांची बाई आहे. ती चौकात उशिरा पोचते, ॲप्रनला हात पुसत. आज कुठला दिवस आहे हेच ती विसरलेली असते. उशीर का, तर भांडी घासायची राहिली होती. तशीच टाकून कशी येणार, असं ती थट्टेने म्हणते. गर्दी हसते. थोड्या वेळाने तीच गर्दी दगड उचलते आणि तिच्या धाकट्या मुलाच्या हातातही कुणीतरी खडे देतं.

एकाच लेखिकेने, एकाच उन्हाळ्यात, बाईच्या घरकामाच्या विनोदावर लोक कसे हसतात हे दोनदा लिहिलं. एकदा वाचकांना हसवायला, एकदा हसणाऱ्यांकडे बोट दाखवायला. दोन्ही कथा एकत्र वाचल्या की पहिलीतलं हसू तितकंसं निरागस राहत नाही.

'गृहिणी' लिहिते हं

त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात जॅक्सनबाईंचं तिसरं बाळंतपण झालं. त्यावर त्यांनी पुढच्या वर्षी 'हार्पर्स'मध्ये लिहिलं. तो प्रसंग नंतर 'लाइफ अमंग द सॅव्हेजेस' (१९५३) या पुस्तकातही आला. दवाखान्याच्या खिडकीवर नोंद करणारी बाई विचारते, व्यवसाय? त्या सांगतात, लेखिका. बाई म्हणते, 'गृहिणी' लिहिते. त्या पुन्हा सांगतात, लेखिका. बाई शांतपणे 'गृहिणी' असंच लिहून मोकळी होते. कळा येत असताना हा संवाद चाललाय!

हसू येतंच. पण इथली मांडणी म्हणजे फॉर्मवरचा एक रकाना. त्यात काय लिहायचं हे जिची माहिती आहे ती ठरवत नाही. आणि 'गृहिणी' लिहिलं की पुढे काय होतं? अमेरिकेच्या जनगणनेत घर सांभाळणारी बाई कामकरी माणसांत धरली जात नव्हती. आपल्याकडच्या जनगणनेतही 'घरकाम' करणाऱ्या बायका 'काम न करणाऱ्या'च ठरत आल्या आहेत. नवऱ्याच्या सहीशिवाय बाईला कर्ज किंवा क्रेडिट कार्ड नाकारण्यावर तिकडे कायद्याने बंदी आली ती थेट १९७४ साली. त्या रकान्याला अशी लांबलचक सावली होती.

प्रत्यक्षात घरच्या खर्चाचा मोठा भाग याच लेखनातून निघत होता. नवरा स्टॅन्ली हायमन समीक्षक आणि प्राध्यापक, घरात चार मुलं. महिला मासिकं घरगुती विनोदाला चांगले पैसे द्यायची. युद्धानंतर घराघरांत पाळणे हलत होते. १९५७ या एका वर्षात अमेरिकेत सुमारे ४३ लाख मुलं जन्मली. उपनगरांत नव्या घरांच्या रांगा उठत होत्या. आई दमली आहे, हे लेख म्हणून छापायला मासिकं नाखूश असत. तिथे सुखी घराचं चित्र हवं असे, कारण पानभर जाहिराती वॉशिंग मशीन आणि केकच्या तयार पिठाच्या. तीच दमछाक हसत सांगितली, की छापून येई आणि चेकही येई.

जीन कर यांचंही असंच. 'प्लीज डोन्ट ईट द डेझीज' हे त्यांचं पुस्तक १९५७चं. पाहुणे येणार म्हणून मुलांना काय काय करायचं नाही, याची यादी दिली. फक्त टेबलावरची फुलं खायची नाहीत, एवढं सांगायचं राहिलं. झालं, फुलं फस्त! पुस्तक तुफान खपलं, १९६० साली डोरिस डेला घेऊन सिनेमा निघाला. मला मात्र पुस्तकाबाहेरची गोष्ट जास्त बोलकी वाटते. करबाई लिहायला घराबाहेर जात, आणि त्या जागेचं नाव होतं कुटुंबाची मोटार. कुठेतरी लांब गाडी उभी करायची आणि आत बसून लिहायचं. एवढ्या मोठ्या घरात दार लावून बसावं अशी खोली होती की नव्हती हा प्रश्नच नाही, कारण दार लावलं तरी ते वाजणारच.

फ्रीडनबाईंचा राग

१९६३ साली बेटी फ्रीडन यांचं 'द फेमिनिन मिस्टीक' आलं आणि या विनोदी लेखिका एकदम आरोपी झाल्या. फ्रीडनबाईंनी जॅक्सन आणि कर यांची नावं घेऊन लिहिलं. त्यांचा मुद्दा साधा होता. या बायका पक्क्या व्यावसायिक लेखिका आहेत. त्यांच्याकडे हुनर आहे, वाचक आहेत, कमाई आहे. पण लिहिताना आव असा, की आम्हीही तुमच्यासारख्याच, सिंकपाशी उभ्या. ज्या बाईकडे सिंकाव्यतिरिक्त काहीच नाही, तिला त्या हसून सोसायला शिकवतात.

मला हा राग पटतो. जॅक्सनबाईंच्या विनोदी पुस्तकांत त्यांच्या आयुष्यातला अंधार येत नाही. शेवटच्या वर्षांत त्यांना घराबाहेर पाऊल टाकणंही अशक्य झालं होतं, आणि १९६५ साली, अवघ्या ४८व्या वर्षी त्या गेल्या. हसण्यावारी नेलेली प्रत्येक गोष्ट हलकी होत नाही.

पण फ्रीडनबाईंचं एक गणित चुकलं, असं मला वाटतं. विनोद वाचणारी बाई काय करते, हे त्यांनी विनोदावरूनच ठरवलं. ती हसली म्हणजे समाधानी झाली, असं त्यांनी धरलं. हे तपासायला आपल्याला ओहायोतल्या डेटनला जावं लागेल.

अर्मा बॉम्बेक

साठच्या दशकात फ्रीडन डेटनला भाषणाला आल्या. श्रोत्यांत अर्मा बॉम्बेक नावाची तीन मुलांची आई मैत्रिणींबरोबर बसली होती. फरशीवर साचणारं पिवळट मेण वगैरे घरकामाच्या गोष्टी निघाल्या, तशा या सगळ्या हसायला लागल्या. फ्रीडनबाईंनी बोट रोखून दटावलं, की हे अपमानास्पद आहे, हसण्यासारखं नाही. बॉम्बेकबाईंनी नंतर सांगितलं, की हे सगळं आज रात्रीच्या रात्री बदलणार नव्हतं. आधी हसणं भाग होतं, रडणं नंतर.

या बाईंनी धाकटा शाळेत जायला लागल्यावर, १९६४ साली, स्थानिक साप्ताहिकात सदर सुरू केलं. मानधन लेखामागे ३ डॉलर. लेखनाचं टेबल म्हणजे बेडरूममध्ये सिमेंटच्या ठोकळ्यांवर टाकलेली फळी. वर्षभरात डेटनच्या दैनिकात आठवड्याला दोन लेख, ५० डॉलरला. पुढे काही आठवड्यांत ते देशभरच्या वर्तमानपत्रांत जाऊ लागले आणि ऐन भरात सदर सुमारे ९०० वर्तमानपत्रांत छापलं जात होतं. विषय काय? मशीनमध्ये जोडीने टाकलेल्या मोज्यांतला एकच परत का येतो. यातलं गृहीत तुमच्या लक्षात आलं असेल. मोजे घरातल्या सगळ्यांचे, पण हिशेब लागत नाही म्हणून हैराण होणारी एकटी तीच.

आता १९७८. स्त्रीपुरुष समान हक्कांची घटनादुरुस्ती अमेरिकेच्या संसदेने १९७२ सालीच मंजूर केली होती, पण ३८ राज्यांची मान्यता हवी होती आणि गाडी ३५वर अडकली होती. विरोधाचं नेतृत्व फिलिस श्लॅफ्ली यांच्याकडे, त्याही सहा मुलांची आई. त्यांच्या कार्यकर्त्या आमदारांना घरी भाजलेला पाव आणि घरचा जॅम नेऊन देत. संदेश स्पष्ट होता: खऱ्या गृहिणीला ही दुरुस्ती नको आहे. म्हणजे गृहिणीच्या वतीने बोलायचं कुणी, यावर झगडा होता.

अशा वेळी 'गृहिणींची लेखिका' म्हणून घराघरांत माहीत असलेल्या बॉम्बेकबाई लिझ कार्पेंटर यांच्यासोबत समर्थनाच्या दौऱ्यावर निघाल्या. राज्याराज्यांत फिरल्या. भाषणं कसली, विनोदच. दुरुस्तीचं मुख्य कलम इंग्रजीत अवघ्या चोवीस शब्दांचं आहे. कपड्यांवर 'एकच माप सगळ्यांना बसेल' असं लिहिलेलं असतं, त्यानंतर एवढा गैरसमज दुसऱ्या कुठल्या शब्दांबद्दल झाला नसेल, अशा अर्थाचं त्या म्हणायच्या. बायका खो खो हसायच्या, कारण ते माप कुणालाच बसत नाही हे प्रत्येकीला माहीत. टीकाही झाली, काही दुकानांनी त्यांची पुस्तकं फळीवरून काढली. ३० जून १९८२ला मुदत संपली, दुरुस्ती पडली.

पण डेटनच्या सभेत दटावणारी आणि दटावून घेणारी, दोघी या लढ्यात एकाच बाजूला होत्या. बॉम्बेकबाईंच्या बाबतीत तरी हसण्याने वाफ निघून गेली नव्हती. वर्षानुवर्षं ज्या बायका मोज्यांवर एकत्र हसल्या, त्यांच्यापर्यंत कायद्याचा मुद्दा पोचवायला तेच हसू वाट झालं.

या स्वयंपाकघरात आणखी कोण आहे?

एक गोष्ट सांगितली नाही तर ही हकीकत अर्धवट राहील. हा सगळा विनोद गोऱ्या, मध्यमवर्गीय घरांतला आहे. न्यूयॉर्कजवळ लेव्हिटटाउनमध्ये १७,०००हून अधिक नवी घरं बांधली, पण सुरुवातीच्या करारांत कृष्णवर्णीयांना मज्जाव होता. कृष्णवर्णीय बायका अशा घरांत यायच्या त्या बहुतेक कामाला. त्यांचा विनोद हवा असेल, तर ॲलिस चिल्ड्रेस यांचं 'लाइक वन ऑफ द फॅमिली' (१९५६) वाचायला हवं. त्यातली मिल्ड्रेड घरकाम करते आणि संध्याकाळी मैत्रिणीला दिवसभराचे किस्से सांगते. मालकीणबाई पाहुण्यांना कौतुकाने सांगतात, की ही आमच्या घरातलीच आहे. मिल्ड्रेड नंतर त्यांना शांतपणे फरक समजावते: घरातली माणसं जेवतात जेवणाच्या खोलीत, मी जेवते स्वयंपाकघरात. हे लेख आधी पॉल रोबसन यांच्या 'फ्रीडम' या वृत्तपत्रात आले होते. 'घरातलीच आहे' हे वाक्य आपल्या ओळखीचं आहे, हे वेगळं सांगायला नको.

म्हणून मी प्रत्येक विनोदाला तीन प्रश्न विचारते. सगळ्यांना आधीच माहीत असलेलं असं यात काय आहे? हसणारे कोण आहेत? आणि प्रसंगात हजर असूनही किश्श्यात जवळजवळ नाही, असं कोण?

आता चला पंगतीत. मावशींचा रिमोट. सगळ्यांना काय माहीत होतं? सकाळी डबे भरायचे ते बाईने आणि बूट चढवायचे तेही बाईनेच. हसलं कोण? आम्ही सगळे, काकांसकट. ते समोरच बसले होते. आणि हजर असून नसलेलं कोण? किस्सा पुन्हा वाचा. काका त्या दिवशी सुट्टीवर होते. म्हणजे ती सगळी धावपळ चालू असताना ते घरातच होते. ही माहिती किश्श्यात आली ती रिमोट शोधण्याच्या निमित्ताने, आणि कुणाला खटकली नाही. मलाही घरी आल्यावर, रात्री टिपण काढताना खटकली.

नंतर एकदा मावशी भेटल्या, तेव्हा विचारलंच. "मावशी, काका घरी होते ना त्या दिवशी? मग डबे?"

मावशी क्षणभर माझ्याकडे बघत राहिल्या. मग आत स्वयंपाकघराकडे तोंड करून मोठ्याने म्हणाल्या, "अहो, ऐकलंत का? हिच्यासाठी चहा टाका जरा!"

आणि पुन्हा खळखळून हसल्या. टिपणवहीत मी दोन्ही नोंदी केल्या आहेत. चहा चांगला झाला होता.